स्वर्गाच्या दप्तरातले बंडखोर

चिनी पुराणांतला स्वर्ग म्हणजे अप्सरांच्या नृत्याने आणि गंधर्वांच्या गायनाने रंगलेली इंद्रसभा नव्हे; तो एक अवाढव्य राजकारभार आहे. रत्नसम्राट सिंहासनावर बसतो, त्याच्या दोन्ही बाजूंना मुलकी आणि लष्करी अंमलदार आपापल्या दर्जाप्रमाणे उभे राहतात, मेघगर्जनेचे खाते निराळे, रोगराईचे निराळे, आणि कोणत्या मुलखात किती पाऊस पाडावयाचा याचे फर्मान जलाधिपती ड्रॅगनराजांच्या हाती पडल्याखेरीज आभाळातून थेंबही गळत नाही. ‘शीयू जी’, म्हणजे ‘पश्चिमयात्रा’, या सोळाव्या शतकातील सुप्रसिद्ध कादंबरीत एका नदीचा ड्रॅगनराजा ज्योतिषाशी मारलेली पैज जिंकण्यासाठी हुकमापेक्षा तीन इंच आठ थेंब पाऊस कमी पाडतो, आणि तेवढ्या अपराधासाठी त्याचा शिरच्छेद होतो. याच कादंबरीतला सुन वुखोंग नावाचा दगडातून जन्मलेला वानर यमपुरीत शिरून मृत्यूची वही मागवतो आणि स्वतःच्या नावावर काट मारतो. तेव्हा त्याला कह्यात ठेवण्यासाठी स्वर्गात त्याची नेमणूक होते ती पागेचा दारोगा म्हणून. आपला हुद्दा कोणत्याच श्रेणीत बसत नाही, इतका तो क्षुद्र आहे, हे कळताक्षणी तो पागा सोडून आपल्या डोंगरावर परततो आणि ‘स्वर्गतुल्य महर्षी’ ही पदवी स्वतःच धारण करून दरबाराशी उघड वैर पुकारतो.

दुसरा मोठा ग्रंथ ‘फंगशन यान्यी’. एका राजवंशाचा नाश आणि दुसऱ्याचा उदय यांच्या युद्धात पडलेल्या वीरांना शेवटी देवत्वाच्या ३६५ जागांवर रुजू करून घेतले जाते, आणि ती नेमणुकांची यादी वाचून दाखवण्याचे काम ज्याच्याकडे येते त्या च्यांग त्झयाला स्वतःला मात्र देवपद मिळत नाही, असे त्याचे कथानक आहे. गेल्या ऐंशी-पंचाऐंशी वर्षांत चिनी चित्रकारांनी पुराणकथांवर जे ॲनिमेशनपट रचले त्यांतले बहुतेक सारे महत्त्वाचे चित्रपट या दोन ग्रंथांतून निघाले आहेत. आणि ते एकामागून एक पाहत गेले म्हणजे असे दिसून येते की, प्रत्येक पिढीने तेच दोन-तीन नायक घेतले, त्यांना त्याच दरबारापुढे उभे केले, आणि निकाल मात्र दर वेळी निराळा लावला. ग्रंथातला निकाल बदलण्याचा हा अधिकार चिनी कलावंत ज्या निःशंकपणे बजावतात, त्याचे मोल त्यांच्या संगणकीय करामतींहून मला फार अधिक वाटते. महाभारत मराठीत आणताना मुक्तेश्वराने किंवा श्रीधराने जी मोकळीक घेतली ती आपण प्रतिभेचे लक्षण मानतो. त्याच दृष्टीने या चित्रपटांकडे पाहिले पाहिजे.

‘पश्चिमयात्रे’चा तर आपल्याशी साक्षात संबंध आहे. ज्या भिक्षूच्या रक्षणासाठी सुन वुखोंग सोबत निघतो, तो थांग राजवटीतील भिक्षू म्हणजे आपल्या इतिहासग्रंथांतून भेटणारा ह्युएन त्संग. सातव्या शतकात धर्मग्रंथांच्या शोधार्थ तो भारतात आला, नालंदेला राहिला, आणि दुसऱ्या पुलकेशीच्या अमदानीत महाराष्ट्रातही येऊन गेला; येथील लोक उपकार स्मरणारे पण अपमानाचा सूड घेतल्यावाचून न राहणारे आहेत, असे त्याने लिहून ठेवले. त्याच्या प्रवासाभोवती पुढील नऊशे वर्षांत लोककथा, नाटके आणि आख्याने यांचे जे जाळे विणले गेले, त्यातून ही शंभर अध्यायांची कादंबरी उभी राहिली. वानराचे मूळ हनुमंतात शोधावे की चिनी दंतकथांत, याविषयी १९२० च्या दशकात हू शी आणि लू शुन या दोन थोर पंडितांत मतभेद झाला, आणि तो वाद अद्याप पुरता मिटलेला नाही.

रेखाचित्रांना हालते करण्याची विद्या चीनमध्ये रुजवली ती वान बंधूंनी. वान लायमिंग आणि वान गुचान हे जुळे भाऊ. त्यांनी ‘स्नो व्हाइट’ पाहून जिद्दीने ‘लोहपंखा राजकन्या’ हा चीनचा पहिला पूर्ण लांबीचा ॲनिमेशनपट १९४१ मध्ये शांघायमध्ये प्रदर्शित केला. त्या वेळी शहराभोवती जपानी फौजांचा वेढा होता आणि परकीय वसाहतींच्या आश्रयाने काय ती कलावंतांना थोडी मोकळीक उरली होती. कथा ‘पश्चिमयात्रे’तलीच, ज्वालापर्वत विझवणाऱ्या पंख्याची, परंतु वृषभासुराचा पराभव वानर एकटा करीत नाही, गावकरी एकजुटीने करतात, हा बदल कोणासाठी होता हे तत्कालीन प्रेक्षकाला सांगावे लागले नसेल. हा चित्रपट पुढे जपानात दाखवला गेला आणि तेथे तो एका शाळकरी मुलाने पाहिला. तो मुलगा म्हणजे जपानी चित्रकथांचा महापुरुष म्हणून पुढे मान्यता पावलेला तेझुका ओसामू.

वान लायमिंग यांच्या मनात मात्र वानराच्या स्वर्गातील बंडाची कथा तेव्हापासूनच घोळत होती, आणि ती पडद्यावर आणण्याची संधी त्यांना साठी गाठल्यावर मिळाली. शांघाय ॲनिमेशन फिल्म स्टुडिओ ही सरकारी संस्था १९५७ मध्ये स्थापन झाली होती; तिच्या आश्रयाने ‘स्वर्गातला धुमाकूळ’चा पूर्वार्ध १९६१ मध्ये आणि उत्तरार्ध १९६४ मध्ये पुरा झाला. हा चित्रपट आजही पाहावा आणि थक्क व्हावे. पिवळा अंगरखा, तांबडी विजार, गळ्यात हिरवा रुमाल, आणि चेहऱ्यावर बदामाच्या आकाराचा लाल रंग, अशी झांग ग्वांगयू यांनी घडवलेली वानराची मूर्ती मोजक्याच रेषांत पुरी होते. ती चालते, थबकते, मान वळवते, तेव्हा पेकिंग ऑपेरातला नटच रंगमंचावर पाऊल टाकीत आहे असा भास होतो, कारण पार्श्वसंगीतातील झांजा आणि नगारे तालाचे काम तर करतातच, शिवाय त्या पात्राचा स्वभावही सांगतात. खऱ्या माणसाची चाल हुबेहूब उतरवण्याचा हट्ट येथे नाही. नटाची संकेतबद्ध हालचाल हीच येथे निसर्गाच्या जागी आली आहे, आणि म्हणूनच साठ वर्षांनंतरही या चित्रांना जुनेपणाचा वास येत नाही. रेषेच्या सामर्थ्यात त्यानंतरचा एकही चिनी चित्रपट याच्या जवळ पोचलेला नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

ग्रंथात या बंडाचा शेवट वानराच्या पारिपत्यात होतो. बुद्ध त्याला पर्वताखाली गाडतात आणि पाचशे वर्षे तो तेथे खितपत पडतो. चित्रपटात बुद्धांचा प्रवेशच नाही. स्वर्गाची फौज उधळून लावून वानर आपल्या पुष्पफलपर्वतावर विजयी होऊन परततो, आणि तेथेच पडदा पडतो. पण नियती अशी की, पडद्यावर दरबार उधळून लावणाऱ्या या चित्रपटालाच सांस्कृतिक क्रांतीच्या काळात डब्यात बंद राहावे लागले, आणि तो जगापुढे मोकळेपणी आला तो १९७८ मध्ये.

या चित्रपटात वानराशी लढायला जे स्वर्गीय सेनानी येतात त्यांत तीन शिरे आणि सहा हात धारण करणारा एक बालवीर आहे. हा नेझा. येथे तो दरबाराचा इमानी चाकर आहे. परंतु पंधराच वर्षांनी त्याच स्टुडिओने त्याला स्वतंत्र चित्रपट दिला आणि तो बंडखोरांच्या पंक्तीत येऊन बसला. या बालदेवतेची पूर्वपीठिका आपण विशेष आस्थेने पाहावी अशी आहे. कुबेराचा पुत्र नलकूबर आपल्याला भागवताच्या दशम स्कंधातून ठाऊक आहे; नारदाच्या शापाने तो आपल्या भावासह अर्जुनवृक्ष होऊन उभा होता आणि उखळाला बांधलेल्या बाळकृष्णाने ते वृक्ष उन्मळून त्याचा उद्धार केला. हाच नलकूबर बौद्ध तंत्रग्रंथांतून, अमोघवज्रासारख्या भाषांतरकारांच्या हातून, आठव्या शतकात चीनमध्ये पोचला. त्याचा पिता वैश्रवण, म्हणजे कुबेरच, तेथे ली जिंग या थांग सेनापतीशी एकरूप झाला, आणि पुत्र नेझा म्हणून नांदू लागला. मेइर शहार या अभ्यासकाने तर या बालदेवतेत नलकूबराबरोबर बाळकृष्णाचाही अंश मिसळला असावा, असे प्रतिपादन केले आहे. नागाचे मर्दन करणारे अल्लड पोर ही मूर्ती डोळ्यांपुढे आणली तर ते प्रतिपादन सहज मनाला पटते.

‘फंगशन यान्यी’तली नेझाची कथा मोठी निष्ठुर आहे. साडेतीन वर्षे गर्भात राहून तो जन्मतो, सातव्या वर्षी समुद्रात खेळताना ड्रॅगनराजाच्या पुत्राला ठार करतो, आणि ड्रॅगनराजे त्याच्या मातापित्यांवर चालून येतात तेव्हा, आईबापांनी दिलेले मांस आणि हाडे त्यांची त्यांना परत करतो, असे म्हणून स्वतःचा देह स्वतःच छेदतो. पितृभक्तीला सर्व धर्मांचा पाया मानणाऱ्या समाजात एक मूल जन्माचे ऋण रोख फेडून मोकळे होते, याहून भयंकर कल्पना ती कोणती? १९७९ च्या ‘नेझाने समुद्र ढवळला’ या चित्रपटात वांग शूचन प्रभृती दिग्दर्शकांनी हा प्रसंग वगळला नाही, की सौम्यही केला नाही. धो धो पाऊस पडतो आहे, नगराला महापुराने वेढले आहे, बापाने उगारलेली तलवार त्याच्याने चालवत नाही, आणि पांढऱ्या वस्त्रातले ते लहानसे पोर ती तलवार उचलून आपल्या मानेवर चालवते. रक्ताचा थेंबही न दाखवता दिग्दर्शकांनी हे साधले आहे, आणि तरीही तो प्रसंग ज्यांनी बालपणी पाहिला त्या चिनी माणसांच्या मनातून तो आयुष्यभर गेला नाही. पुढे गुरू त्याचा देह कमळाच्या देठांनी आणि पाकळ्यांनी पुन्हा घडवतो. सांस्कृतिक क्रांती संपून तीनच वर्षे झाली होती. घराघरांतून मुलांनी बापांविरुद्ध आणि बापांनी मुलांविरुद्ध उभे राहिल्याच्या जखमा ओल्या होत्या. हा चित्रपट १९८० मध्ये कान महोत्सवातही दाखवला गेला.

त्यानंतरची पाव शतकाहून अधिक कालावधीची कथा ओहोटीची आहे. शांघायचा स्टुडिओ जे रेखाटील ते सरकार ठरल्या दराने विकत घेई; ती व्यवस्था नव्वदीच्या दशकात मोडली, परदेशी कंपन्यांची कंत्राटी रेखाटने करून देणाऱ्या दक्षिणेकडील कारखान्यांनी उत्तमोत्तम कारागीर ओढून नेले, आणि चिनी मुले जपानी व अमेरिकन चित्रमालिकांवर वाढू लागली. १९९९ मधील ‘रत्नकमळाचा दीप’ हा जुन्या स्टुडिओचा एक नेटका प्रयत्न, पण एका चित्रपटाने ओहोटी थांबत नाही.

ती फिरली २०१५ च्या जुलैमध्ये. त्येन श्याओपंग यांनी आठ वर्षे पैशाच्या ओढाताणीत खपून पुरा केलेला ‘महर्षी परतला’ हा संगणकनिर्मित चित्रपट फारशी जाहिरात न होता लागला. ज्यांनी पाहिला त्यांनीच स्वयंस्फूर्तीने त्याचा डंका पिटला, आणि सुमारे ९५ कोटी युआनांचे उत्पन्न करून त्याने चीनमधील ॲनिमेशनपटांचे तोवरचे सर्व उच्चांक मागे टाकले. येथे वानर पाचशे वर्षांच्या बंदिवासातून एका लहान मुलाच्या हातून सुटतो खरा, परंतु त्याच्या मनगटावर दरबाराची बेडी तशीच राहते आणि शक्ती वापरू जाताच ती त्याला जखडते. १९६४ चा वानर कधी थकला नव्हता. हा थकलेला आहे, तुटक बोलतो, आणि आपल्या जुन्या पराक्रमांच्या कथा तोंडपाठ असलेल्या त्या पोराच्या डोळ्यांतला विश्वास त्याला सोसवत नाही. ज्या पिढीने बालपणी विजयी वानर पाहिला होता, ती आता नोकरीच्या आणि कर्जाच्या बेड्या वागवीत चित्रपटगृहात बसली होती. तिच्या डोळ्यांना पाणी आले यात नवल नाही.

२०१९ मध्ये नेझा परत आला, आणि तो आणला च्याओझ या टोपणनावाने ओळखल्या जाणाऱ्या यांग यू यांनी. सिचुआनमधल्या या तरुणाने औषधनिर्माणशास्त्राचे शिक्षण घेतले, पण तो मार्ग सोडून दिला, आणि आईच्या निवृत्तिवेतनावर काटकसरीने गुजराण करीत घरात बसून तीन वर्षांहून अधिक काळ एकट्याने सोळा मिनिटांचा लघुपट रचला. ‘नेझा’ हा त्यांचा पहिला मोठा चित्रपट. येथला नेझा विजारीत हात खुपसून हिंडतो, त्याचे दात विरळ आहेत, डोळ्यांभोवती काळी वर्तुळे आहेत. कारण जो दिव्य मणी त्याच्या वाट्याला यायचा तो चोरला जाऊन ड्रॅगनराजाच्या पुत्राला, आओ बिंगला, मिळाला, आणि नेझाच्या जन्मात आसुरी गोळा शिरला. तिसऱ्या वाढदिवशी स्वर्गाची वीज पडून त्याचा नाश होणार, हे फर्मान आधीच निघालेले आहे. गाव त्याला घाबरते; आई रोज चिलखत चढवून राक्षसांशी लढायला जाते आणि उरल्या वेळात त्याच्याशी पायाने फूल उडवण्याचा खेळ खेळते.

या चित्रपटाने केलेला सर्वांत मोठा फेरफार बापाच्या ठिकाणी आहे. १९७९ च्या चित्रपटातला ली जिंग मुलावर तलवार उगारतो. हा ली जिंग मुलावर पडणारी वीज आपल्यावर ओढून घेण्याचा मंत्रलेख मिळवतो आणि त्याविषयी घरात एक शब्द बोलत नाही. मांस आणि हाडे परत करण्याचा प्रसंग अशा घरात घडूच शकत नाही. जुन्या कथेचे मर्मच काढून घेतले, असा आक्षेप काही जाणकारांनी घेतला, आणि त्यात तथ्य आहे. तथापि १९७९ च्या मुलाला बापाच्या सत्तेपासून सुटायचे होते, आणि २०१९ च्या मुलाला स्वर्गाने लिहून ठेवलेल्या भविष्यापासून सुटायचे आहे. परीक्षांचे गुण, शहरातल्या वास्तव्याची नोंद आणि नोकरीच्या श्रेणी यांनी जन्मापासून वर्गवारी होत असलेल्या तरुणांना हा दुसरा तुरुंग अधिक ओळखीचा होता. चित्रपटाने सुमारे ५०० कोटी युआन मिळवले. त्याच्या विनोदात मूत्राचे आणि अपानवायूचे जे प्रसंग आहेत ते माझ्या रुचीला पटत नाहीत. परंतु सिचुआनी ढंगात बोलणारा स्थूलदेही गुरू, किंवा त्याच प्रांतातील सानशिंगद्वी येथे सापडलेल्या प्राचीन कांस्यमुखवट्यांवरून घडवलेले द्वारपाल, यांत आपल्या मातीविषयीचे जे प्रेम आहे ते मनोवेधक आहे.

२०२५ च्या चिनी नववर्षदिनी, २९ जानेवारीस, लागलेला ‘नेझा २’ म्हणजे या साऱ्या प्रवाहाची भरती. शंभराहून अधिक चिनी कंपन्या आणि सुमारे चार हजार कारागीर यांनी पाच वर्षे त्यावर काम केले. एकट्या चीनमध्ये त्याने १५०० कोटी युआनांहून अधिक आणि जगभर मिळून दोन अब्ज डॉलरांहून अधिक उत्पन्न करून ॲनिमेशनपटांत जगातला सर्वाधिक कमाईचा मान पटकावला. येथे स्वर्गाचा कारभार थेट आरोपीच्या पिंजऱ्यात उभा केला आहे: शुभ्र पाषाणाच्या महालात राहणारे हसतमुख महर्षी मुक्तीच्या नावाखाली दुबळ्या यक्ष-राक्षसांना पकडून आणतात आणि एका प्रचंड कढईत घालून त्यांच्या सिद्धीच्या गोळ्या करतात. त्या कढईत नेझा आणि त्याची आई दोघेही सापडतात, तो प्रसंग या चित्रपटाचे हृदय आहे. शापामुळे नेझाच्या अंगातून असंख्य काटे बाहेर आलेले आहेत, आणि आई ते काटे स्वतःच्या देहात रुतू देत त्याला मिठीत घेते, कारण जन्मापासून त्याला पुरेसे जवळ घेता आले नाही ही एकच खंत तिला आहे. क्षणभराने ती विरघळून जाते. त्यापुढची महायुद्धाची दृश्ये भव्य आहेत, अचूक आहेत, आणि थोडी लांबलीही आहेत. त्या एका मिठीपुढे ती फिकी पडतात.

या यशाच्या मागेपुढे आणखी पुष्कळ काही झाले. टूडोउ या चित्रफीत-संकेतस्थळाचे संस्थापक वांग वेइ यांनी २०१३ मध्ये काढलेल्या ‘लाइट चेसर’ कंपनीने श्वेतसर्पिणीची प्रणयकथा २०१९ मध्ये आणि मोटारसायकलवरून दौडणारा आधुनिक नेझा २०२१ मध्ये आणला, लियांग श्वान आणि झांग चुन यांच्या ‘महामत्स्य’ने २०१६ मध्ये फूज्येन प्रांतातल्या मातीच्या वर्तुळाकार वाड्यांना देवलोकाचे रूप दिले, आणि नेमणुकांची यादी वाचणाऱ्या च्यांग त्झयावर २०२० मध्ये निघालेल्या चित्रपटात तो वृद्ध सेनापती एका निरपराध जिवासाठी दरबाराचा हुकूम अमान्य करून पदावरून दूर होतो. यांपैकी बहुतेकांत चकाकी फार आणि रेषा थोडी, ही माझी तक्रार आहे. संगणकाने केसांचा प्रत्येक तंतू आणि पाण्याचा प्रत्येक शिंतोडा रेखाटता येऊ लागला, आणि त्या हावेत चेहरे एकमेकांसारखे होत गेले.

म्हणून २०२५ च्या ऑगस्टमध्ये जुन्या शांघाय स्टुडिओनेच काढलेल्या ‘लांगलांग डोंगराचा लहान राक्षस’ या हाताने रेखाटलेल्या, शाईच्या चित्रांची पार्श्वभूमी असलेल्या चित्रपटाचे मला अतिशय अप्रूप वाटले. ‘पश्चिमयात्रे’त वानराच्या एका फटक्यासरशी मरणारे जे अनामिक राक्षस असतात, त्यांतल्या चौघांची ही कथा. राक्षसराजाच्या चाकरीत राबणारे एक डुकराचे पिल्लू, एक बेडूक, एक मुंगसासारखा दिसणारा बडबड्या प्राणी आणि एक लाजाळू गोरिला चाकरी सोडून पळतात, आणि आपणच ते यात्रेकरू आहोत अशी बतावणी करीत पश्चिमेच्या वाटेला लागतात. दरबाराच्या दप्तरात ज्यांच्या नावाची नोंदही नाही, त्यांच्या बाजूने ही कथा प्रथमच इतक्या जिव्हाळ्याने सांगितली गेली. शेवटी काही मुलांचे प्राण वाचवण्यासाठी ते आपली सारी साधना पणाला लावतात आणि पुन्हा मुके पशू होतात. या चित्रपटाने १७० कोटी युआनांच्या पलीकडे उत्पन्न केले, म्हणजे रेषेला प्रेक्षक उरलेला नाही ही सबब आता कोणा निर्मात्याला सांगता येणार नाही.

एक प्रसंग मात्र यांपैकी एकाही चित्रपटाने हाती घेतलेला नाही. ‘फंगशन यान्यी’त कमळाच्या देहाने पुनर्जन्म पावलेला नेझा बापाचा जीव घेण्यासाठी त्याचा पाठलाग करतो, कारण ऋण फिटल्यावरही बापाने त्याचे देऊळ जाळलेले असते, आणि ली जिंगच्या हाती एक जादूचा मनोरा देऊन, त्याच्या धाकाने, मुलाकडून ‘बाबा’ असे वदवून घेतले जाते. चिनी देवळांत ली जिंगच्या तळहातावर जो मनोरा दिसतो तो हाच. १९७९ च्या चित्रपटाने पुनर्जन्म पावलेल्या नेझाला ड्रॅगनराजांकडे वळवून ही गाठ टाळली, आणि २०१९ च्या चित्रपटाने बापालाच प्रेमळ करून ती मुळातून सोडवून टाकली. च्याओझ यांची नेझा-मालिका अद्याप पुरी झालेली नाही, आणि तिच्यातला ली जिंग अजून रिकाम्या हातांनी उभा आहे. तो मनोरा त्याच्या हाती कोण देतो, कोणत्या कारणासाठी देतो, आणि मुलावर इतके प्रेम करणारा हा बाप तो घेतो की नाकारतो, हे पाहण्याची मला उत्कट इच्छा आहे.